कॅमेऱ्याशेजारची खुर्ची

"ह्या खुर्चीवरून उठायचं नाही, माई. आणि बोलायचं तर अजिबात नाही."

मला असे सांगणारा माणूस जेमतेम तिशीचा होता. पाटकर त्याचे नाव. दाढी वाढलेली, शर्टाचे एक बटण चुकीच्या काजात. तो टेलिव्हिजनचा निर्माता होता आणि माझी सून वासंती त्याच्या अर्ध्या तासाच्या नाटिकेत नायिकेचे काम करत होती. मुंबईत टेलिव्हिजन येऊन वर्ष-दीड वर्ष झाले असेल, तेव्हाची ही गोष्ट.

"पाटकर," मी म्हटले, "मला गप्प बसा म्हणणारा माणूस आमच्या ठाण्यात अजून कुणी पाहिलेला नाही."

"कल्पना आहे. म्हणूनच दुसऱ्यांदा सांगतोय. आज सगळं थेट जाणार आहे, माई. इथं कुणी शिंकलं तर कुलाब्यापासून कल्याणपर्यंत ऐकू जाईल."

"मी शिंकत नाही."

मग त्याने खुर्ची जराशी मागे सरकवून दिली. नेपथ्यासाठी आणलेल्या वेताच्या खुर्च्यांपैकी ती एक उरलेली होती. मी बसले. मांडीवर पितळी डबा घेतला. डब्यात खाजाचे कानवले होते. आम्हा कायस्थांच्या घरी दिवाळीलाच होणारा हा जिन्नस मी आडदिवशी मुद्दाम केला होता, कारण स्टुडिओतली मंडळी दिवसभर नुसत्या चहावर काढतात असे वासंती म्हणाली होती. नातेसंबंध नसलेल्या ठिकाणीसुद्धा टिपणिसांच्या घरची बाई रिकाम्या हाताने जात नाही.

मी तिथे का बसले होते, ते सांगायला हवे.

वासंती महाडच्या चित्रे मास्तरांची मुलगी. शाळेच्या संमेलनात तिने पाचवीपासून कामे केलेली. माझ्या मुकुंदाशी लग्न होऊन ती ठाण्याच्या चरईतल्या आमच्या घरी आली, तेव्हा मी तिचे नाव बदलू दिले नाही. माणसाला एकदा नाव मिळाले की ते त्याचे. गणेशोत्सवात आळीतल्या बायकांनी नाटक बसवले, त्यात तिने काम केले, आणि कुणाकडे तरी पाहुणा म्हणून आलेल्या ह्या पाटकरने ते पाहिले. दुसऱ्याच दिवशी तो घरी हजर. मी स्वयंपाकघरात होते. बाहेर येऊन पाहते तो आमच्या ह्यांनी होकार देऊन टाकलेला.

घरच्या कर्त्या पुरुषाने दिलेला शब्द मी मोडला नाही. परंतु तो शब्द एका नाटिकेपुरता होता. त्यापुढचा शब्द माझा होता.

आणि पुढचे काही होते. पाटकरच्या हाती तेरा भागांची एक मालिका आली होती. तिच्यातली मुख्य भूमिका त्याला वासंतीलाच द्यायची होती. होय किंवा नाही ते त्याला त्याच रात्री हवे होते, नाहीतर दुसरी मुलगी तयार होती. त्या दिवशी सकाळी चहा घेताना वासंतीने विषय काढला.

"माई, मालिकेचं..."

"आजचं होऊन जाऊ दे. मग बघू."

तिने मान खाली घातली. मुकुंदाने वर्तमानपत्र तोंडासमोर धरले. आमच्या घरात माझ्या 'मग बघू'चा अर्थ दोघांनाही पाठ होता. नाही म्हणायचे असले की मी तसे म्हणत असे.

माझी कारणे मी गेला महिनाभर सांगत आले होते. घर कोण बघणार? रात्रीबेरात्री कोण आणायला जाणार? लोक काय म्हणतील? परक्या पुरुषांनी तोंडाला रंग लावायचा, हे टिपणिसांच्या सुनेला शोभते का? वासंती एकदाही उलट बोलली नाही. तिने बोलायला हवे होते असे मला आज वाटते, परंतु ती त्यातली नव्हती. तिच्या मनातले सगळे ती दुसऱ्याच्या वाक्यांतून बोले. म्हणूनच तर ती नटी होती.

स्टुडिओत मी तिला पाहिले आणि ओळखलेच नाही. मी तिच्यासाठी घरून माझी मोरपंखी साडी आणली होती. रंगपट सांभाळणाऱ्या बाईंनी ती हातात घेतली, पोत पाहिला, आणि परत दिली.

"फार सुंदर आहे हो. पण टीव्ही काळा-पांढरा, त्यावर राखाडी दिसणार."

"मग पांढरी नेसवा."

"पांढरी तर चालतच नाही. कॅमेऱ्याला उजेड सोसत नाही. फिक्कट गुलाबी नेसवली की लोकांना पांढरी दिसते."

जिथे पांढऱ्याला पांढरे दिसण्यासाठी गुलाबी व्हावे लागते, त्या जागी आपल्या सुनेने पुन्हा पाऊल टाकायचे नाही, हे मी त्याच क्षणी आणखी पक्के केले.

नाटिकेची गोष्ट साधी होती. एका कारकुनाच्या बायकोला नोकरी लागते. सासू नाही म्हणते. अर्धा तास दोघींचा वाद होतो आणि शेवटी, अगदी शेवटच्या वाक्याला, सासू होय म्हणते. सासूचे काम द्वारकाबाई करत होत्या. ह्या जुन्या रंगभूमीवरच्या, सत्तरीला टेकलेल्या, तोंडात सतत लवंग. तालमीच्या वेळी त्यांनी माझ्याकडे बोट करून पाटकरला विचारले होते, "ह्या कोण? माझ्या जागी आणलेल्या का?" मी मान फिरवली होती.

सात वाजत आले. पाटकर वरच्या काचेच्या खोलीत गेला. खाली त्याचे हुकूम बजावायला सबनीस नावाचे फ्लोअर मॅनेजर उभे राहिले. कानांना यंत्र, हातात पाट्यांसारखे मोठे काळे पुठ्ठे. तिथे बोलायची बंदी असल्याने ते काय हवे ते खडूने लिहून कलावंतांना दाखवत. सगळीकडे दिवे लागले. इतका उकाडा मी धुण्याच्या बंबापाशीसुद्धा सोसलेला नव्हता. सबनीसांनी बोटे मिटत मिटत हात खाली केला आणि आम्ही मुंबईच्या घराघरांत पोचलो.

सुरुवात चांगली झाली. कबूल करायला हरकत नाही, फार चांगली झाली. वासंती दारातून आत आली ती आमची वासंती नव्हतीच. चप्पल काढण्याची तऱ्हा वेगळी, पदर खोचण्याची वेगळी. द्वारकाबाईंनी तिला एक टोमणा मारला आणि तिने नुसते ओठ दाबले. मला माहीत असलेल्या एका घरातले ते ओठ होते. मी डबा घट्ट धरला.

मग तिन्हीसांजेचा प्रवेश आला. नेपथ्यात एका कोपऱ्यात देवघर केले होते, समोर समई. तालमी दुपारच्या झाल्या होत्या आणि आगीच्या भीतीने समई कधी पेटवलेली नव्हती. वासंती काडी ओढल्यासारखे करी आणि पुढचे वाक्य म्हणे. आज मात्र प्रत्यक्ष तेल होते, वात होती आणि बाहेरही खरोखरची दिवेलागण होती. वासंतीने काडी ओढली. ज्योत उभी राहिली.

आता आमच्या घरचा रिवाज सांगते. समई लागली की सून देवाला नमस्कार करते आणि मागे वळून घरातल्या मोठ्या बाईच्या पाया पडते. हातात कणीक असो, अंगात ताप असो, भांडण झालेले असो. मी माझ्या सासूबाईंच्या बावीस वर्षे पाया पडले. वासंती चार वर्षे माझ्या पडत होती. ह्या गोष्टीला आता विचार लागत नाही, गुडघे आपोआप वाकतात.

तिने हात जोडले. डोळे मिटले. डोळे उघडले आणि ती वळली. तिला डावीकडे, द्वारकाबाईंकडे वळायचे होते. ती उजवीकडे वळली. सरळ चालत नेपथ्याच्या कडेशी, माझ्यासमोर आली आणि वाकली.

कॅमेरेवाल्याचा तरी काय दोष? नायिकेला सोडायचे नाही एवढेच त्याला सांगितलेले. तो तिच्या मागोमाग आला. डोक्यावर लोंबणारा माईकही आला. आणि मी, जिने शिंकायचेसुद्धा नव्हते, तिने तिच्या डोक्यावर हात ठेवून रोजच्याच खणखणीत आवाजात म्हटले, "अखंड सौभाग्यवती भव."

ती गोठली. मी तिच्या पाठीवरून पाहिले. समोर कॅमेरा. शेजारी छोटा पडदा, ज्यात बाहेर काय जाते ते दिसते. सबनीसांचा चेहरा खडूसारखा झालेला.

अशा वेळी पळून जाणाऱ्या बायका असतात. मी ताठ बसले. खुर्चीवरून उठायचे नाही असे मला सांगितलेलेच होते.

"अगंबाई, वन्सं!" मागून द्वारकाबाईंचा आवाज आला. पन्नास वर्षे रंगभूमी झाडलेली ती बाई, तोंडातली लवंगसुद्धा हलली नाही. "तुम्ही केव्हा आलात? मागच्या दारानं?"

मी मनात म्हटले, ही मला नणंद करते आहे. तर मग नणंद.

"तुमचं पुढचं दार कधी उघडं असतं?" मी म्हणाले.

"आणि हे काय आणलंत?"

"कानवले. तुमच्याकडे कुणाला जमत नाहीत म्हणून."

स्टुडिओत कुठेतरी कुणीतरी तोंडात रुमाल कोंबला. द्वारकाबाई आल्या, दुसरी वेताची खुर्ची ओढून माझ्या समोर बसल्या. डबा उघडून त्यांनी एक कानवला उचलला, पापुद्रा निरखला आणि मोठा सुस्कारा सोडला. वासंती आमच्या मध्ये उभी राहिली, पदराचे टोक बोटाला गुंडाळत.

"आता आलाच आहात, तर तुम्हीच सांगा, वन्सं. हिला नोकरी करायची आहे. पाठवू का?"

त्यांचा हिशेब सरळ होता. माझ्यासारखी बाई नाही म्हणेल. मग वादाला आणखी एक तोंड मिळेल आणि नाटिका आपल्या वाटेने जाईल. वासंतीने माझ्याकडे पाहिले. त्या नजरेत कारकुनाची बायको किती होती आणि चित्रे मास्तरांची मुलगी किती, ते मला सांगता येणार नाही.

मी छोट्या पडद्याकडे एकदा पाहिले.

"पाठवा," मी म्हणाले.

द्वारकाबाईंचा कानवला तोंडाशी थांबला. सासूने होय म्हणायचे ते शेवटच्या वाक्याला. आता नणंदेनेच मधे होय म्हटले, तर पुढे उरलेला सगळा वेळ करायचे काय? कॅमेऱ्याच्या मागे सबनीसांनी घाईघाईने पुठ्ठ्यावर काहीतरी खरडले आणि वर धरले. मोठ्या अक्षरांत लिहिले होते: भांडा.

हे मात्र मला तालमीशिवाय येत होते.

"पाठवा म्हणे," द्वारकाबाईंनी सुरू केले. "आणि घर कोण बघणार?"

"तुम्ही आहात ना? का बसूनच राहायचं ठरवलंय?"

"लोक काय म्हणतील?"

"जे आत्ता म्हणतात तेच. लोकांना नवं सुचतं कुठे?"

"अंधार पडल्यावर सून बाहेर राहणार. आणायला कोण जाणार?"

"मुलगा कशासाठी वाढवलात? पाय आहेत त्याला."

"परक्या पुरुषांत ऊठबस..."

"वहिनी, भाजीवाला परका, डॉक्टर परका, पोस्टमन परका. घरात अडकवून ठेवून तुम्ही तिला कुणापासून वाचवता आहात?"

वाचकहो, ते एकेक वाक्य माझेच होते. महिनाभर मी जे जे वासंतीला ऐकवले, ते ते द्वारकाबाई मला ऐकवत होत्या. त्यांच्या कागदावर तसेच लिहिलेले होते. लिहिणाऱ्याने असल्या बायका पाहिल्या असाव्यात. आणि समोरच्याचा मुद्दा खोडल्याशिवाय मला राहवत नाही, हा माझा स्वभाव. मग तो मुद्दा कुणाचाही असो.

बोलता बोलता मी वासंतीला दोनदा पाणी आणायला पाठवले, एकदा समईची वात सारायला लावली. ती तत्परतेने जाई, येई, आणि परत मध्ये उभी राही. दुसऱ्यांदा पाणी देताना तिच्या ओठांचा कोपरा थरथरत होता. रडू येते आहे की हसू, हे तिने प्रेक्षकांना कळू दिले नाही. मला कळले. ती हसत होती. आणि तसे हसू दाबून, डोळ्यांत पाणी ठेवून ती तेव्हा जशी उभी होती, तसे उभे राहणे शिकवून येत नाही.

शेवटी सबनीसांनी दोन्ही हातांनी गुंडाळण्याची खूण केली. द्वारकाबाईंनी कपाळाला हात लावला.

"हरले, वन्सं. जा गं बाई, उद्यापासून जा. पण जाताना ह्यांच्याकडून कानवले शिकून घे."

अंधार झाला. मग उजेड झाला, आणि सगळ्यांनी एकदम श्वास सोडला.

पाटकर जिना उतरून धावत आला. मला वाटले, हा आता काही बोलणार. मी उत्तर तयार ठेवले. तो माझ्यासमोर आला, तोंड उघडले आणि जमिनीवर बसून हसत सुटला. हसता हसता त्याने डब्यातला कानवला घेतला.

"माई, मालिकेचं काय?" दोन घास झाल्यावर त्याने विचारले.

वासंती समईपाशी उभी होती. फुंकर न मारता फुलाने वात शांत करायला ती वाकलेली, तशीच थांबली.

"त्या काय सांगणार?" द्वारकाबाई म्हणाल्या. "अख्ख्या मुंबईसमोर सांगून बसल्यात."

"ते नाटकात होतं, द्वारकाबाई," वासंती हळूच म्हणाली. "माई वेळ निभावून नेत होत्या. त्यांना त्यात धरू नका."

त्या दिवसात तिने स्वतःचे असे पुरते बोललेले तेवढेच. आणि तेही माझी सुटका करण्यासाठी.

"नाटक तू केलंस," मी म्हणाले. "मी काही नटी नाही. मी बोलले ते खरं बोलले. पाटकर, मालिका केव्हापासून आहे ते सांगा. मुकुंद आणायला येईल."

ठाण्याला पोचलो तेव्हा निम्मी आळी डॉक्टर दिघ्यांच्या ओटीवरून उठून आमच्या अंगणात आलेली. आळीत टीव्ही तेवढा त्यांच्याकडे होता. ह्यांनी मला आपादमस्तक न्याहाळले.

"कळवायचं तरी होतंस, तूही आहेस म्हणून."

"का? काय झालं?"

"तू पडद्यावर आलीस आणि मी पानदान लपवून उठून उभा राहिलो. सगळे हसले."

वासंतीची ती मालिका झाली, पुढे आणखी काही नाटिका झाल्या. तीनचार वर्षे ती मुंबई-पुण्याला घरची वाटत होती. आमचा भाजीवाला तिला कोथिंबीर फुकट देई आणि मालिकेतल्या नवऱ्याला सोडून दे असा सल्लाही देई. मग मुकुंदाची बदली नागपूरला झाली. तिकडे तेव्हा टेलिव्हिजन नव्हता. जावे की राहावे हे तिने स्वतः ठरवले, मी एक शब्द बोलले नाही, आणि ते माझ्या आयुष्यातले सगळ्यांत अवघड काम होते. ती गेली, तिथे मुलांची नाटके बसवू लागली, आणि आज तिच्याकडे शिकलेल्या मुलांनाही मुले झाली आहेत. तिच्या कामांतले काही शिल्लक नाही. थेट गेले ते थेट गेले.

मला मात्र पुष्कळ पत्रे आली. ती वेताच्या खुर्चीतली बाई कोण, असे लोक विचारत. पाटकर पुन्हा घरी आला. ह्या वेळी माझ्यासाठी. मी त्याला सांगितले, संवाद पाठ करायची मला सवय नाही, मी बोललेले इतरांना पाठ असते. माझी कारकीर्द त्या एका संध्याकाळीच संपली.

'पाठवा' म्हणण्याआधी मी त्या छोट्या पडद्याकडे का पाहिले, हे मी कुणाला सांगितले नव्हते. त्या पडद्यात एक बाई बसलेली दिसली. पाठ ताठ, ओठ मिटलेले, मांडीवरच्या डब्यावर दोन्ही हात असे, जणू कुणी तो हिसकावून घेणार आहे. समोर एक गुणी मुलगी उभी, आणि ही बाई तिला आता नाही म्हणणार, हे लहान पोरालाही कळले असते. माझ्या मनात आले, कोण ही? हिला कुणीतरी समजावले पाहिजे. आणि मग तिच्या हातातल्या पाटल्या मी ओळखल्या. माणूस आरशात पाहतो तेव्हा आधी चेहरा नीट करून घेतो. त्या पडद्याने मला तेवढा वेळ दिला नाही. नाक मात्र सरळ दिसत होते, एवढे नमूद करते.

दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला वासंतीने घरची समई लावली. हात जोडले, वळली आणि वाकली. मी तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"यशस्वी हो."

आमच्या घरात हा आशीर्वाद तोवर फक्त मुलग्यांना दिला जाई. ती उठेना. रोजच्या शब्दांची वाट पाहत ती तशीच वाकून राहिली. जरा वेळाने तिने नुसती मान वर केली.

"माई, चुकलात का?"

"मी चुकत नाही," मी म्हणाले. "ऊठ. दूध उतू जाईल."